अबोला आणि टिळकांचे घर

येत्या मे महिन्यात माझ्या ताईचे लग्न आहे. मुलगा अकोल्याचा, आमच्याच समाजातला. आमच्या मंडळीत अशी रीत आहे की, लग्नाआधी पाळकसाहेब वधूवरांना दोनतीन वेळा समोर बसवून बोलतात. तशी ताईही गेली होती. परत आली तेव्हा गप्प गप्पच होती. खोदून विचारले तेव्हा म्हणाली, "पाळकसाहेबांनी एक प्रश्न विचारला अन् मले उत्तरच नाही आलं. राग आला म्हणजे तुम्ही काय करता, असं विचारलं त्यायनं."

"मग तू काय सांगितलं?"

"काय सांगू? आपल्या घरी जे करतात तेच. बोलनं बंद."

आम्ही दोघी हसलो खऱ्या, पण ते हसू फार वेळ टिकले नाही. कारण ताई खोटे बोलली नव्हती.

माझे बाबा गवंडीकाम करतात. माय निंदणाला आणि कापूस वेचायला जाते. दोघेही कष्टाळू आणि निर्व्यसनी आहेत. बाबांनी मायवर कधी हात उगारलेला मी पाहिला नाही. दर रविवारी दोघे एकाच बाकावर बसून उपासना करतात. पण भांडण झाले की आमच्या घरात आठआठ, पंधरापंधरा दिवस अबोला असतो. मग आम्हां मुलींचे काम सुरू होते. "तुह्या बाबाले सांग, पोया झाल्या म्हना." "मायले सांग, मले भूक नाही म्हना." मधे चार हातांचेही अंतर नसते. दोघांना दोघांचे सगळे ऐकू येत असते. तरी निरोप आमच्या तोंडूनच गेला पाहिजे! लहानपणी मला वाटायचे की, सगळ्याच घरी असे असते. मोठी झाल्यावर कळले की, पुष्कळ घरी असतेच.

आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढणारी मी पहिलीच. त्यामुळे रेशनकार्ड असो, बँकेचा फॉर्म असो की दाखला, सगळे कागद माझ्याकडे येतात. ताईच्या या प्रश्नाचा मात्र कोठे फॉर्म मिळत नाही. म्हणून मी तिला म्हटले, "थांब, मी शोधते." या लेखात मी तो शोधच मांडते आहे. विषय ख्रिस्ती संसाराचा आहे, पण घरोघरी मातीच्याच चुली. तेव्हा इतर वाचकांनाही तो परका वाटू नये.

एक मराठी ख्रिस्ती संसार

ख्रिस्ती घरातील प्रेम आणि बोलणेचालणे यांविषयी मराठीत शोधू लागले की, वाट एकाच घराशी येऊन थांबते. ते घर म्हणजे रेव्हरंड नारायण वामन टिळक आणि लक्ष्मीबाई टिळक यांचे. लक्ष्मीबाईंचे 'स्मृतिचित्रे' आपल्यापैकी बहुतेकांना वेच्यांतून ठाऊक असते. मी या वर्षी ते ग्रंथालयातून घेऊन सगळे वाचले आणि थक्क झाले. आपण समजतो तसा हा आदर्श जोडप्याचा गोड इतिहास नव्हेच. वारंवार मोडू पाहणाऱ्या आणि वारंवार जोडल्या गेलेल्या संसाराची ती गोष्ट आहे.

टिळकांचा जन्म १८६१ चा, लक्ष्मीबाईंचा १८६८ चा. त्या काळच्या रीतीप्रमाणे लग्न झाले तेव्हा लक्ष्मीबाई अजून लहान होत्या आणि त्यांना अक्षरओळखही नव्हती. टिळक कवी आणि विद्वान होते, स्वभावाने उदार आणि तितकेच शीघ्रकोपी. हातात आलेला पैसा मागणाऱ्याच्या हातात जायचा आणि घरी चूल कशी पेटवायची याची काळजी लक्ष्मीबाईंनी करायची. त्यांची नोकरी आणि गाव सारखे बदलत असे. विदर्भालाही हे घर परके नाही. टिळक काही काळ नागपुरात अप्पासाहेब बुटी यांच्या आश्रयाला होते आणि तेथे 'ऋषी' हे मासिक चालवीत होते. १८९३ मध्ये नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीत एका अनोळखी गोऱ्या प्रवाशाशी त्यांचे बोलणे झाले आणि त्याने त्यांना नव्या कराराची प्रत दिली. त्या भेटीपासून त्यांच्या मनाची उलथापालथ सुरू झाली.

१० फेब्रुवारी १८९५ रोजी टिळकांनी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. त्या वेळी पत्नी जवळ नव्हती आणि तिची संमतीही नव्हती. सोवळ्याओवळ्यात वाढलेल्या लक्ष्मीबाईंवर आकाशच कोसळले. पदरात लहानगा दत्तू. नातेवाइकांच्या आधाराने, पुष्कळ काळ पंढरपुरात, त्यांनी नवऱ्यापासून दूर जवळजवळ चारपाच वर्षे काढली. नवरा जिवंत असून नसल्यासारखा, ही स्थिती किती कठीण असेल याची कल्पना आपल्याकडच्या कोणत्याही बाईला करता येईल.

येथे कायद्याची एक गोष्ट सांगितली पाहिजे, कारण ती वाचून मी बराच वेळ विचार करीत बसले. त्या काळी १८६६ चा एक कायदा अस्तित्वात होता. कोणी ख्रिस्ती झाला आणि त्या कारणावरून त्याच्या जोडीदाराने त्याला सहा महिने सोडले, तर ख्रिस्ती झालेल्या माणसाला न्यायालयात जाऊन विवाह रद्द करून घेण्याचा मार्ग या कायद्याने खुला केला होता. म्हणजे टिळकांना मोकळे होता आले असते. त्यांनी तो मार्ग धरला नाही आणि दुसरे लग्नही केले नाही. त्यांनी पत्रे पाठविली आणि वाट पाहिली. लक्ष्मीबाईंनीही मनातून नाते तोडले नाही.

पुढे दोघे पुन्हा एकत्र आले. पण एकत्र आल्याबरोबर लक्ष्मीबाई ख्रिस्ती झाल्या असे नाही. आपले सोवळे आणि आपले पाणी वेगळे ठेवून त्या राहिल्या. टिळकांनी त्यांच्यावर सक्ती केली नाही. जातिभेद देवाने केलेला नाही, तो माणसांचा आहे, हे त्यांना स्वतःच्या विचाराने पटत गेले आणि १९०० मध्ये राहुरीस त्यांनी आपण होऊन बाप्तिस्मा घेतला. टिळक १९१९ मध्ये वारले. 'ख्रिस्तायन' या काव्याचे दहा अध्याय लिहून झाले होते, काम अपुरे राहिले होते. ज्या बाईला लग्नात अक्षरओळख नव्हती, तिने पुढचे चौसष्ट अध्याय रचून ते पुरे केले! १९३४ पासून 'स्मृतिचित्रे' प्रसिद्ध होऊ लागले. लक्ष्मीबाई १९३६ मध्ये गेल्या आणि पुस्तकाचा अखेरचा भाग चिरंजीव देवदत्त यांनी पूर्ण केला.

या घरातून काय घ्यावे?

टिळकांचे सगळेच अनुकरणीय होते असे मला मुळीच म्हणायचे नाही. बायकोला विश्वासात न घेता एवढा मोठा निर्णय घेणे हे आजच्या दृष्टीने तर अन्यायाचेच आहे. पण तरीही हे घर टिकले. ते का टिकले? मला तीन कारणे दिसतात.

पहिले कारण, दूर असतानाही धागा तुटू दिला नाही. बोलणे शक्य नव्हते तेव्हा पत्र होते. राग असणे वेगळे आणि दार लावून घेणे वेगळे. लक्ष्मीबाईंचा राग खरा होता, टिळकांचा हट्टही खरा होता, पण दोघांनी दार उघडे ठेवले.

दुसरे कारण, मतभेदाला वेळ दिला. "मी ख्रिस्ती झालो, आता तूही हो" असा हुकूम नव्हता. एका छपराखाली दोन धर्म आणि दोन पाण्याच्या घागरी चालल्या. आपल्या जोडीदाराचे मत आज, आत्ता, संध्याकाळच्या आत बदललेच पाहिजे, या आग्रहाने किती भांडणे वाढतात! मत बदलण्यास वेळ लागतो आणि ज्याचे त्याने बदलले तरच ते टिकते.

तिसरे कारण मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. लक्ष्मीबाईंना बोलता येत होते. नवऱ्याचा संताप, विसरभोळेपणा, उधळेपणा हे सगळे त्यांनी पुस्तकात लिहिले आहे. पण लिहिताना त्या दात ओठ खात नाहीत, हसतात. स्वतःचे हट्ट आणि फजितीही लपवीत नाहीत. ज्या काळात बाई नवऱ्याचे नाव घ्यायला लाजायची, त्या काळात वाढलेली ही बाई पुस्तकभर नवऱ्याला सरळ 'टिळक' म्हणते. त्यात उद्धटपणा नाही. बरोबरीच्या माणसाविषयी बोलावे तसे ते बोलणे आहे. आणि हेही ध्यानात घ्यावे की, अक्षरे शिकविण्याची सुरुवात टिळकांनीच केली होती. जोडीदाराला बोलण्याचे बळ देणे हे प्रेमच होय, मग ते बोलणे उद्या आपल्याच चुका दाखवणारे का असेना.

पवित्र शास्त्र काय सांगते?

आमच्या घरी बायबल रोज उघडले जाते. पण भांडणाच्या वेळी उघडावे असे त्यात काही आहे, हे मला आताच कळले. तीन जागा सांगते.

पौलाने इफिसकरांस पाठविलेल्या पत्राच्या चौथ्या अध्यायात राग सूर्यास्ताच्या पलीकडे नेऊ नये असा उपदेश आहे. येथे राग येऊच नये असे म्हटलेले नाही. राग येणार हे धरूनच चालले आहे. मुद्दा एवढाच की, रागाला मुदत हवी. आमच्या घरी रागाला मुदत नसते, हाच खरा दोष. डोके तापले असता थोडे गप्प बसणे शहाणपणाचेच आहे. पण "मी आत्ता रागात आहे, जेवण झाल्यावर बोलू" असे सांगून गप्प बसणे आणि काहीच न सांगता तोंड फिरवणे, यांत जमीनअस्मानाचा फरक आहे. पहिले मौन राग शांत होण्यासाठी असते. दुसरे समोरच्याला शिक्षा म्हणून असते, आणि त्या शिक्षेत घरातली पोरे विनाकारण भरडली जातात.

मत्तयाच्या शुभवर्तमानाच्या अठराव्या अध्यायात भांडण सोडविण्याची पद्धतच दिली आहे. ज्याने आपला अपराध केला त्याच्याकडे आधी एकट्याने जाऊन बोलावे. त्याने ऐकले नाही तर एकदोन माणसे बरोबर न्यावीत. तरीही जमले नाही तर मग मंडळीला सांगावे. किती सोपा क्रम! आपल्याकडे तो बरोबर उलटा चालतो. आधी शेजारणीला कळते, मग नणंदेला, मग मामाला, मग पाळकसाहेबांना, आणि ज्याच्याविषयी तक्रार आहे त्याला सगळ्यांत शेवटी. तेही कोणाच्या तरी तोंडून, तिखटमीठ लावून! अशाने चार वाक्यांत मिटणाऱ्या भांडणाला चार घरे लागतात.

तिसरी जागा म्हणजे करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राचा तेरावा अध्याय. लग्नाच्या उपासनेत तो हमखास वाचतात आणि प्रीतिभोजनाच्या घाईत आपण तो हमखास विसरतो. मूळ ग्रीकमध्ये प्रीतीचे वर्णन करणाऱ्या त्या चार वचनांत पंधरा क्रियापदे आहेत असे जाणकार दाखवून देतात. त्यांतील आठ नकाराची आहेत. म्हणजे प्रीती कशी वाटते हे तेथे सांगितलेले नाही, ती काय करते आणि काय करीत नाही हे सांगितले आहे. सिनेमातले प्रेम नुसते 'होते'. येथले प्रेम रोज करावे लागते. त्यातला मला भावलेला नकार हा की, प्रीती झालेल्या वाईटाचा हिशेब मांडून ठेवीत नाही. किराणा दुकानात उधारीची वही असते ना, तशी वही आपल्या मनातही असते. "तुमच्या बहिणीच्या लग्नात तुम्ही मले असं म्हतलं होतं" हे बारा वर्षांपूर्वीचे वाक्य तारखेसकट बाहेर येते. अशी वही ठेवली की, आजचे भांडण आजचे राहत नाही.

सोसण्याची सीमा

येथे एका गैरसमजाविषयी लिहिणे मला कर्तव्य वाटते. 'प्रीती सर्व काही सोसते' या अर्थाच्या उपदेशाचा उपयोग पुष्कळदा बायकांना गप्प बसविण्यासाठी होतो. मार खाणे म्हणजे प्रीती नव्हे. इफिसकरांच्या पत्रात पत्नीने पतीच्या अधीन राहावे असे आहे, ते सर्वांना पाठ असते. पण त्याच्या लगेच आधीचे वचन परस्परांच्या अधीन राहण्याचे आहे, आणि पुढे पतीला सांगितले आहे की, ख्रिस्ताने मंडळीसाठी स्वतःला अर्पण केले तशी प्रीती कर. हे दोन्ही सोडून मधलेच वाचणे प्रामाणिकपणाचे नाही.

कायद्यालाही हे उशिराच उमगले. भारतातील ख्रिस्ती विवाह १८७२ च्या कायद्याप्रमाणे लागतात आणि घटस्फोटासाठी १८६९ चा कायदा आहे. त्यात पतीला पत्नीचा व्यभिचार एवढे एकच कारण पुरेसे होते. पत्नीला मात्र व्यभिचाराबरोबर क्रूरता किंवा त्याग असे आणखी काही सिद्ध करावे लागे. हा भेद दूर व्हायला २००१ साल उजाडावे लागले. त्या वर्षीच्या दुरुस्तीने दोघांना समान कारणे मिळाली आणि परस्परसंमतीने वेगळे होण्याची तरतूदही आली. २००५ चा कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायदा तर सर्व धर्मांच्या स्त्रियांना लागू आहे. संवाद हा दोन निर्भय माणसांत होतो. जेथे एकाला दुसऱ्याची भीती वाटते, तेथे आधी भीती दूर झाली पाहिजे. गोड बोलण्याचे धडे त्यानंतरचे.

घरी वाचन

असो. एवढे सगळे वाचल्यावर मी उन्हाळी सुट्टीची वाट न पाहता दिवाळीच्या सुट्टीतच 'स्मृतिचित्रे' घरी नेले. आमच्या खापरपणजोबांना दुष्काळात अकोल्याच्या मिशनच्या अनाथगृहात आसरा मिळाला, असे आजी सांगते. तेव्हापासून घरात बायबल आणि गीतांचे पुस्तक आहे, पण दुसरे पुस्तक मोठ्याने वाचल्याचे कोणाला आठवत नाही. माय शाळेत गेलेली नाही. संध्याकाळी ती तुरीच्या शेंगा सोलत बसली होती, तिला मी वाचून दाखवू लागले. बाबा बाहेर ओट्यावर होते. त्या दिवसांत दोघांचा अबोला चालू होता, अकरावा दिवस होता.

माय आधी शेंगांकडे पाहूनच ऐकत होती. मग एकदम थांबून म्हणाली, "थे बाई नवऱ्याले टिळक म्हन्ते?"

"हो."

"अन् थो रागवत नाही?"

"रागवतो की. ते बी लिहिलं आहे तिनं."

माय हसली. मी पुढे वाचत गेले. नवरा सगळे पैसे वाटून मोकळ्या हाताने घरी येतो त्या जागी आले, तेव्हा ओट्यावरून बाबांचा आवाज आला, "मंग तिनं काय केलं?"

मी उत्तर देणार एवढ्यात माय म्हणाली, "काय करन? माह्यासारखीच, उसनं पीठ आनलं असन."

हे वाक्य ती मला उद्देशून बोलली की बाबांना, हे मला अजूनही सांगता येणार नाही. पण बाबा उठून आत आले, शेंगांच्या टोपल्यापाशी बसले आणि सोलू लागले. थोड्या वेळाने म्हणाले, "चहा मांड ना थोडासा." माझ्या तोंडून निरोप गेला नाही. माय उठली आणि तिने चहा मांडला.

पुस्तक वाचून आमच्या घरातला अबोला कायमचा गेला, असे लिहिले तर ते खोटे होईल. जानेवारीत पुन्हा पाच दिवस झाला. पण पाचच दिवस! आणि या वेळी ताईने आणि मी ठरवून निरोप पोचविले नाहीत. "तुम्हीच सांगा" एवढेच म्हटले. तो पहिला दिवस घरात फार जड गेला. माय माझ्याशीही बोलेना. परंतु पाचव्या दिवशी बाबांनीच तोंड उघडले.

ताई परवा पाळकसाहेबांकडे पुन्हा गेली होती. या वेळी होणारे भाऊजीही होते. तोच प्रश्न निघाला. ताई म्हणाली, "राग आला म्हनजे मी गप्प होते, घरातून तशीच सवय लागली. पन गप्प होन्याआधी सांगून होईन अन् दुसऱ्या दिवसापर्यंत नेनार नाही." भाऊजी म्हणे बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "आमच्या घरी उलटं आहे. सारेच एकदम ओरडतात, ऐकत कोनीच नाही. मले ऐकाले शिका लागन."

माझ्या मते त्यांचे अर्धे लग्न त्याच दिवशी लागले. उरलेले अर्धे मे महिन्यात लागेल, आणि त्यानंतर रोज थोडे थोडे लागत राहावे, हीच प्रार्थना.

— बी. ए. भाग २